त्रितोनसाठी मांडलेला कुंडा

कुंडा निकारेतानेच न्यावा असं ठरलं, कारण तो तिच्या बापाने घडवलेला होता आणि बाप समुद्रातल्या त्रितोनने नेला होता. निदान औलिस गावात सगळे तसंच म्हणत होते.

बैठक किनाऱ्यावर उलट्या घातलेल्या होड्यांच्या सावलीत बसली होती. त्रितोन आता रोज यायला लागला होता. कधी पाण्यावर आणलेली जनावरं ओढायचा, कधी एखादी लहान होडी पालथी घालायचा. आणि चार दिवसांपूर्वी सणाआधीच्या स्नानाला उतरलेल्या बायकांमध्येच त्याने डोकं वर काढलं होतं. बायका तशाच ओल्या अंगाने गावात पळत आल्या होत्या. त्यानंतर मात्र पुरुषांना स्वस्थ बसवेना.

"माझी गाभण गाय नेली त्याने," दिनियास म्हणाला. तो लाकूडतोड्या होता. कुऱ्हाड चालवायची तर तीही त्यानेच, हे सगळ्यांनी न बोलता ठरवून टाकलं होतं.

"तुझी गाय डोंगरावर सापडली ना?" कुणीतरी विचारलं.

"ती दुसरी."

"दुसरी गाय तुझ्याकडे होती कधी?"

हशा पिकला. मागून एकजण म्हणाला, "आणि आपल्या थेलोनची बायको? तीही त्रितोनच्याच नावावर घाला की."

"तिला थेब्सच्या तेल्याने नेली."

"असू दे. त्रितोन थोडाच नाही म्हणायला येणार आहे?"

पोलिस्त्रातोस हसला नाही. तो दिओनिसोसच्या देवळातला पुजारी होता, आणि दारूची युक्तीही त्याचीच होती. कुंडा भरून दारू किनाऱ्यावर ठेवायची, वासाने तो येईल, पिऊन पडला की काम उरकायचं. "पण दारू निरी," तो म्हणाला. "पाण्याचा थेंब पडता कामा नये. पाणी घालून दारू दिली की समोरचा पाहुणा झाला. मग त्याच्यावर उचललेली कुऱ्हाड आपल्याच घरावर येते. निरी दिली तर ते नुसतं आमिष. गळाला किडा लावला म्हणून कुणी माशाचा पाहुणचार केला असं होत नाही."

"त्याला हा फरक कळणार आहे का?"

"त्याला नाही. पाहुण्यांचा देव झेउस, त्याला कळतो."

निकारेता बायकांच्या बाजूला उभी होती. बोलायचं नाही असं ठरवून आली होती, तरी बोलली. "मारायच्या आधी त्याला विचारता येणार नाही का?"

"काय विचारायचं?"

"बाबांचं."

कुणी वाळूत रेघा मारू लागलं. दिनियासनेच शेवटी हळू आवाजात म्हटलं, "पोरी, तो मासा आहे गं."

"कमरेखाली," निकारेता म्हणाली. "वर माणूस आहे. सगळ्या बायकांनी पाहिलंय."

"मग विचार ना. झोपला की कानात विचार," मघाचाच माणूस म्हणाला. या वेळी कोणी हसलं नाही. तोही मग खाली बघत बसला.

*

अगासियास कुंभार गेल्या हिवाळ्याच्या तोंडाशी निघाला होता. द्राक्षं तुडवून झाली होती, नव्या दारूसाठी रांजण हवेत म्हणून पलीकडच्या काठावरच्या खाल्किसच्या व्यापाऱ्याने निरोप धाडला होता. त्याने माल पेंढ्यात बसवला, होडी पाण्यात ढकलली आणि बायकोला म्हणाला, "निकीकडे दोन दिवस राहून येतो." निकारेता खाल्किसलाच दिलेली होती. सामुद्रधुनी तिथे इतकी अरुंद की स्वच्छ दिवशी इकडून तिकडची वाळत घातलेली कापडं मोजावीत. पण त्या पाण्याचा भरवसा नव्हता. उत्तरेला धावणारा प्रवाह एकाएकी थबकायचा, जागच्या जागी घुटमळायचा आणि उलटा दक्षिणेला सुटायचा. दिवसातून कितीदा, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

अगासियास त्या पाण्यात जन्मभर वावरलेला माणूस. म्हणूनच कुणी काळजी केली नाही. इकडे त्याच्या बायकोला, मिर्तोला वाटलं, पोचले असतील, नातवंडांत रमले असतील. तिकडे निकारेताने मसुरीची आमटी करून ठेवली आणि संध्याकाळी म्हणाली, वारा पडलाय, बाबा निघालेच नसतील. असे कितीतरी दिवस गेले. मग एक कोळी इकडून तिकडे गेला आणि दोन्ही घरांना एकदमच कळलं की तो कुठेच नाही. तोपर्यंत प्रवाह किती वेळा उलटला असेल. होडीची फळी लागली नाही, पेंढ्याची काडी लागली नाही. एवढे रांजण होते, पण त्यांचं खापरही कुठल्या किनाऱ्याला आलं नाही.

तेव्हापासून निकारेता आईकडे होती. मिर्तो रडली नव्हती. शोकाचा एकही विधी तिने करू दिला नव्हता. नातेवाईक यायचे, समजूत घालायचे. रिकामं थडगं बांधू, नाव घेऊन हाक मारू, समुद्रात गेलेल्यांसाठी एवढंच करता येतं. मिर्तो ऐकून घ्यायची आणि म्हणायची, "मी विधवा आहे की नाही ते मला कुणीतरी नक्की सांगा. मग मी रडते. रडायला मला काय वेळ लागणार आहे?"

अगासियास मेला असेल आणि त्याच्यासाठी कुणी रडलंच नसेल, तर तो मेलेल्यांच्या नदीच्या अलीकडे ताटकळत उभा असणार, पलीकडे त्याला कोणी घेणार नाही. आणि जिवंत असेल, कुठल्या बेटावर अडकला असेल, लुटारूंनी धरून विकला असेल, तर जिवंत माणसाचं थडगं बांधायचं पाप. मिर्तो दोन्हींच्या मध्ये बसून राहिली होती. घर सोडून लेकीबरोबर पलीकडे जायलाही तयार नव्हती. "हे आले आणि दाराला कडी असली तर?" दर थोड्या दिवसांनी मासळीवाल्याबरोबर निकारेताच्या नवऱ्याचा निरोप यायचा. मुलं विचारतात. धाकटीला खोकला झालाय. आधी त्या निरोपांत माया होती, आता नुसत्या बातम्या होत्या.

बैठकीतून निकारेता घरी आली तेव्हा मिर्तो उंबऱ्यावर शेंगा सोलत होती.

"विचारू देणार का तुला?"

"नाही म्हणाले नाहीत."

"मग नीट विचार. आल्या आल्या अंगावर जाऊ नकोस. आपल्याकडे कोणी परका आला की आधी त्याला खाऊपिऊ घालतो, मग नाव-गाव विचारतो. उपाशी माणूस काय खरं बोलणार?" तिने एक किडकी शेंग बाजूला टाकली. "आणि होडीचं नाक निळं होतं म्हणून सांग. नुसतं होडी म्हणशील, तर त्याने कितीतरी होड्या पाहिल्या असतील."

निकारेता आईच्या हातांकडे बघत राहिली. आईने त्रितोनला माणूस म्हटलं होतं, आणि ते तिच्या लक्षातही आलं नव्हतं.

*

दुपार चढली होती. या वेळी गाव झोपतं, मेंढपाळसुद्धा पावा वाजवत नाहीत. पुरुष आर्तेमिसच्या देवळाच्या भिंतीआड दडले होते. त्यांच्या घामाचा वास वाऱ्याबरोबर पाण्यावर जाऊ नये म्हणून पोलिस्त्रातोसने त्यांना तितकं लांब ठेवलं होतं. निकारेताने कुंडा वाळूत पक्का बसवला आणि चामड्याच्या पिशवीतून दारू ओतली. काळी, घट्ट, वासानेच डोकं जड व्हावं अशी. कुंडा ठेवायचा आणि मागे यायचं, एवढंच तिला सांगितलेलं होतं.

कुंडा धुवायला म्हणून तिने ओढ्याच्या पाण्याची घागर आणली होती. ती धुण्यासाठी नव्हती, हे तिला घरून निघतानाच माहीत होतं. निरी दारू पिऊन तो दगडासारखा पडेल, आणि दगडाला काय विचारायचं? थोडा वेळ तरी तो शुद्धीवर राहायला हवा होता. तिने घागर कुंड्यात ओतली, अर्धी नाही, सगळी. मग लहानपणी बापाच्या घरी सणाला ढवळायची तशी कोपरापर्यंत हात घालून ढवळली. दारूचा रंग उतरला.

काय केलं आपण, हे तेव्हाच तिच्या ध्यानात यायला हवं होतं. डोक्यात फक्त प्रश्न होता, त्यामुळे ते आलं नाही. मागे न जाता ती खडकाला टेकून बसली.

तो आला तेव्हा पाणी हललंसुद्धा नाही. आधी केस दिसले, डबक्यावर साचतं तसल्या हिरव्या शेवाळाचे. मग खांदे, छाती, त्यावर बारीक खवले, आणि कानांमागे उघडमीट करणाऱ्या फटी. हातांवर भार देऊन त्याने स्वतःला वाळूत ओढलं. पाण्यात इतका हलका असलेला तो जमिनीवर अवजड आणि केविलवाणा झाला होता. पाय गेलेला शिपाई बाजारात सरपटतो, तसा. कुंड्यापाशी येऊन त्याने वास घेतला. मग तोंड न बुडवता त्याने दोन्ही हातांची ओंजळ केली आणि ओढ्यावर वाटसरू पितो तसा प्यायला. शिंपल्यासारखी कडक नखं कुंड्याच्या काठावर वाजत होती.

कुंड्यातली दारू तळाला गेली. त्याने मान वर केली आणि तिच्याकडे बघितलं.

तोंडातून आपसूक तेच शब्द निघाले, जे घरी आलेल्या परक्याला विचारतात. "पोट निवलं असेल तर सांगा, आपण कोण, कुठले?"

आणि मग तिला कळलं. आपल्या बापाच्या कुंड्यातून, आपल्या हाताने ढवळलेलं, पाणी घातलेलं तो प्यायला आहे. तो आता अगासियासच्या घरचा पाहुणा आहे.

त्रितोनच्या कानामागच्या फटी उघडल्या, मिटल्या. घशातून शंख फुंकण्याआधी येतो तसा नुसता वारा निघाला.

"माझे बाबा," ती म्हणाली. आवाज खाली ठेवायला हवा होता, पण राहिला नाही. "अगासियास. कुंभार. उजव्या हाताचा अंगठा चपटा, चाकावर दाबून दाबून झालेला. होडीचं नाक निळं, रांजण होते होडीत. तुम्ही नेलंत का त्यांना? नेलं असेल तर तसं सांगा. मी काही करणार नाही. मला फक्त आईला सांगायचंय."

तो ऐकत होता. खरंच ऐकत होता, कारण मान कलली होती आणि ती बोलायची थांबल्यावर त्याने ती सरळ केली. मग तोंड उघडून त्याने आवाज काढला. पाण्याखालून यावा तसा, बुडबुडे मिसळलेला, पण स्पष्ट.

"हे... यो. हे... यो."

होडी वाळूवर ओढताना बाबा हेच म्हणायचे. पहिला सूर लांब, दुसरा झटक्याने तोडलेला. लहानपणी ती अंथरुणात असतानाच हा आवाज यायचा आणि बाबा आले हे कळायचं.

पण मासळीवालाही हेच म्हणायचा. दिनियास ओंडके ओढताना हेच म्हणायचा. या किनाऱ्यावर आणि त्या किनाऱ्यावर, होडी ज्याच्या ज्याच्या हातात आली त्या प्रत्येकाने हेच म्हटलं होतं. त्रितोन पाण्यात राहतो, त्याच्या कानावर हे रोज पडत असणार.

"कुणाचं ऐकलंत हे? कधी? बुडताना ऐकलंत की ओढताना? कुठे ओढत होते?"

"हे... यो," तो पुन्हा म्हणाला, तिला आनंद व्हावा म्हणून म्हटल्यासारखं. मग त्याच्या पापण्या जड झाल्या. जन्मात कधी दारू न प्यायलेल्याला पातळ दारूही पुष्कळ होते, हा विचार तिने केलाच नव्हता. त्याने एक हात डोक्याखाली घेतला, दुसरा कुंड्याच्या काठावर तसाच राहू दिला, आणि तो झोपला.

ती त्याच्या खांद्याला धरून हलवू लागली. खांदा थंड होता, कातडी ओल्या मातीसारखी. "उठा. अहो, उठा. जा तुम्ही." आता ती विचारत नव्हती, नुसती घालवत होती. पण मागे वाळूत पावलं वाजायला लागली होती.

"बाजूला हो," दिनियास म्हणाला. त्याच्यामागे सगळे होते, भाले, सोटे, कोयते घेऊन.

"थांबा. बोलतो तो."

"काय बोलला?"

"हे यो म्हणाला."

"ते माझं रांगतं पोरही म्हणतं." दिनियासने कुऱ्हाड दोन्ही हातांत घेतली.

निकारेता त्याच्या अगदी जवळ गेली आणि फक्त त्यालाच ऐकू जाईल असं म्हणाली, "मी पाणी घातलंय. सगळी घागर. तो पाहुणा आहे, दिनियासदादा."

दिनियास थांबला. त्याने कुंड्याकडे बघितलं, तळाच्या फिक्या दारूकडे. मग मागे बघितलं. पोलिस्त्रातोस ओठांतल्या ओठांत प्रार्थना म्हणत होता आणि सगळं गाव दिनियासच्या हातांकडे बघत होतं. आता मागे फिरणं त्याला जमण्यासारखं नव्हतं, तिला दिसत होतं ते. कुऱ्हाड हातात त्याच्या होती, पण त्याचंही काही चालणार नव्हतं.

"मी हे ऐकलं नाही, बाई," तो म्हणाला. "तूही बोलली नाहीस."

पहिला घाव नीट बसला नाही. आणि दारू पातळ होती, म्हणून त्रितोनला जाग आली. पुढचं सगळं निकारेताने बघितलं. डोळे मिटायचा आपल्याला हक्क नाही असं तिला वाटलं.

*

मग पोट फाडलं. त्यातून तिच्या बापाचं काही निघालं तर तिने ओळखावं म्हणून तिला पुढे उभी केली. समुद्री गवत निघालं, माकुळीची पांढरी हाडं निघाली, न पचलेले मासे निघाले. शेवटी कुणीतरी शिशाचा एक गोळा वर धरला, जाळ्याला लावतात तसला.

"बघ, हे माणसाचं आहे."

"बाबा जाळं टाकायचे नाहीत," निकारेता म्हणाली. "ते कुंभार होते."

"होडीत पडलेलं असेल एखादं."

"नव्हतं."

"तुला काय माहीत? तू तर तेव्हा पलीकडे होतीस."

पोलिस्त्रातोसने तो गोळा हातात घेऊन सगळ्यांना दाखवला आणि म्हणाला, "एवढं पुरे आहे." मग त्रितोनने नेलेल्यांची नावं त्याने मोठ्याने घेतली. त्यात गाय आली, तीन होड्या आल्या आणि अगासियासही आला. तो म्हणाला, यांचा सूड आज पुरा झाला. माणसांनी जयजयकार केला. कुणी निकारेताच्या पाठीवरून हात फिरवला. कुणी म्हणालं, आता मन मोकळं कर, सुटलीस बाई. कुजू नये म्हणून मीठ किती लागेल, धड देवळात टांगायचं की झोपवायचं, मुंडकं जोडायचं की समुद्रात टाकायचं, यावर लगेच वाद सुरू झाला. दिनियास त्यात नव्हता. तो पाण्याच्या कडेला बसून कुऱ्हाड घासत होता. ती कधीचीच स्वच्छ झाली होती.

निकारेता वर घराशी आली तेव्हा फिलोता मावशी त्यांच्या दारातून बाहेर पडत होती. पदराने डोळे पुसत तिने निकारेताला मिठी मारली. "सांगितलं मी तिला. म्हटलं, दुसऱ्या कुणाकडून कळायच्या आधी आपण सांगावं."

"काय सांगितलंत?"

"त्याच्या पोटात सापडलं ते. अगं, एकदाची रडली गं. केवढी रडली."

निकारेता आत गेली. आई चुलीपाशी जमिनीवर बसली होती. चेहरा सुजला होता आणि भोवती करडे केस पडले होते. समोरचे आणि बाजूचे केस तिने स्वतःच कापले होते, वेडेवाकडे, चामडं कापायच्या सुरीने.

"त्याला विचारलंस?" मिर्तोने विचारलं.

"विचारलं."

"काय म्हणाला?"

निकारेताने तोंड उघडलं. हे यो म्हणाला, असं सांगितलं असतं तर आईला त्यात नवऱ्याचा आवाज ऐकू आला असता. काहीच म्हणाला नाही असं सांगितलं असतं, तर कापलेले केस परत डोक्यावर लावता आले नसते. खरं काय, ते तिला सकाळी जेवढं माहीत होतं तेवढंच आताही होतं. मधल्या वेळात फक्त तिच्या घरचा एक पाहुणा मारला गेला होता.

"मग हे गेलेच ना, निके?" आईने विचारलं. इतके महिने सगळ्यांना परतवून लावणारा तिचा आवाज आता लहान मुलीसारखा झाला होता. नाही म्हणू नकोस, एवढंच मागत होता.

"हो, आई."

मिर्तोने मान हलवली. मग सुरी लेकीपुढे धरली आणि पाठ फिरवून बसली. "मागचे राहिलेत. माझा हात पोचत नाही तिथे."

निकारेता तिच्यामागे गुडघे टेकून बसली. तिने केसांचा एक झुपका बोटांत धरला आणि कापायला लागली. सुरी बोथट होती. आईला ओढ बसत होती, पण ती हललीसुद्धा नाही.